कमानीखालचं जेवण

आमच्या पेठेत एक गवंडी होता. रस्त्यानं चालताना तो एकेका दगडी कमानीकडे बोट करायचा आणि म्हणायचा, "हितं मी जेवलोय. तितं बी जेवलोय." परगावच्या माणसाला वाटे, सोलापुरात ह्याला आमंत्रणं फार! 'ही मी बांधली' असं मात्र त्याच्या तोंडून कधी आलं नाही.

त्याची रीतच तशी होती. नव्या कमानीचे लाकडी आधार काढले, की तिच्याखाली बसून पहिली भाकरी त्यानंच खायची.

आमच्या कापडदुकानाच्या कमानीचे आधार निघाले, तेव्हा आम्ही सगळे रस्त्यापलीकडे जाऊन उभे राहिलो. गिरणीचा दुपारचा भोंगा झाला. त्यानं कमानीखाली मांडी घातली आणि भाकरीचं फडकं सोडलं. वरून चिमूटभर चुना शेंगाच्या चटणीत पडला. त्यानं तो बोटानं बाजूला सारला आणि हाक मारली, "या की मालक. सावली लई गार हाय."

मी गेलो. वर न बघता अर्धी भाकरी खाल्ली.

आता पाहुणे आले, की त्यांचा टांगा कमानीसमोर थांबवतो आणि दुकान दाखवायच्या आधी सांगतो, "इथं मी जेवलोय."