उजळली, पण हो म्हणाली का?

विमलाताईंची आणि माझी पहिली भेट कॅनडातल्या मार्कहॅमच्या एका बेसमेंटमध्ये झाली. मूळच्या धारवाडच्या ताई तिथे आम्हा मराठी मंडळींना कन्नड कविता शिकवत. "कन्नड अजिबात येत नाही? उत्तम! चुकीचं विसरायला नको," म्हणत त्यांनी मला पुढच्या खुर्चीत बसवलं. तेव्हापासून शिकता शिकता त्यांच्या स्वतःच्या कवितांची मराठी भाषांतरं मी करते, आणि बोलणीही मीच खाते.

त्यांच्या एका कवितेत मुलगी पाहायला पाहुणे आलेत. मुलगी दिवा घेऊन उभी आहे आणि शेवटी एकच शब्द येतो, 'ओप्पिदळु'. मी शब्दकोश पाहून थाटात लिहिलं, 'ती उजळली.' ताईंनी चष्मा काढला. "अगं बाई, नुसती उजळवलीस! तिला विचारलंस कुठे?"

मग त्यांनी समजावलं. 'ओप्पु' म्हणजे शोभणं, उजळणं, आणि संमती देणंही. आपला मराठी 'ओप' झळाळीपाशीच थांबतो. "होकार नसेल, तर तो उजेड बघणाऱ्यांच्या डोळ्यांतला," ताई म्हणाल्या.

त्याच सुमारास माझ्या लेकीला, ईशाला, ग्वेल्फचं स्थळ आलं. मुलगा गुणी, माणसं साधी, आणि ईशाचा चेहरा कसा फुललेला! मी तर हॉल बुक करायला निघाले होते. ताईंना आनंदानं फोन केला, तर पलीकडून एवढंच, "विचारलंस का?"

मला रागच आला. माझ्या पोटची पोर, तिचा चेहरा मला वाचता येत नाही होय? तरी विचारलं. "आई, आय वॉज जस्ट बीइंग पोलाइट," म्हणाली आणि रडायलाच लागली.

स्थळाला नकार कळवला. त्या दिवशी बर्फातून गाडी चालवत ताई आमच्याकडे आल्या. ईशाला त्यांनी काहीएक विचारलं नाही. माझ्याजवळ बसून भाजी निवडत राहिल्या. पुढे ईशा आपणहून त्यांच्या वर्गात जाऊ लागली. आता ती माझे कन्नड उच्चार सुधारते, काय सांगू!

ताईंच्या पंचाहत्तरीनिमित्त गौरवग्रंथ काढायचा, हे सांगायला आम्ही त्यांच्याकडे गेलो. त्यांचा चेहरा असा उजळला, की सगळे म्हणाले, "चला, कामाला लागू."

"वेट, वेट!" ईशा मध्येच म्हणाली. "ताईआजी, तुम्हाला चालेल ना?"

ताईंचे डोळे भरून आले. "ओप्पिदे," त्या म्हणाल्या. म्हणजे, 'मी हो म्हटलं.'

ताई, तुमची प्रकृती ठणठणीत राहावी, लेखणी चालत राहावी. आम्हाला तुम्ही शंभर वर्षं हव्या आहात. चालेल ना?