फोकस पुलरचा सोमवार

तुमची आत्या डायरेक्टर कशी झाली, असं तुम्ही दोघांनी विचारलंत. क्रमानं सांगते.

अकरा वर्षं ती टीव्ही मालिकांमध्ये फोकस पुलर होती. म्हणजे कॅमेऱ्याशेजारी उभं राहायचं आणि नट पुढेमागे झाला तरी त्याचा चेहरा धूसर होऊ द्यायचा नाही. हे काम ती इतकं चोख करायची की तिला कोणी सोडेना. स्वतःची डॉक्युमेंटरी करायची आहे म्हटलं की कॅमेरामन म्हणायचे, "एवढं शेड्यूल होऊ दे." ते संपायच्या आत पुढचं लागलेलं असायचं.

मालिकेतल्या घराचा सेट शहराबाहेर, येलहंकाच्या पलीकडे, एका शेडमध्ये. "आई, त्या घराला सहा खिडक्या आहेत," ती म्हणायची, "आणि एकीतूनही बाहेरचं दिसत नाही. मागे नुसतं प्लायवूड." मी ऐकायची आणि हातात डबा द्यायची. खरं सांगते, मला ते बरं वाटायचं. सकाळी सहाला गाडी दारात, सगळं कसं ठरलेलं.

शहरातल्या बाजाराजवळ, चामराजपेटच्या एका गल्लीत फाटकी पोती शिवणाऱ्या एक बाई होत्या. त्यांच्यावर फिल्म करायचं तिनं ठरवलं. सुट्टी फक्त रविवारची. वयस्कर कोणी सोबत असलं तर बाई मोकळ्या होतील, म्हणून मला नेलं. तिनं सेटवरच्या सवयीनं टेपनं अंतर मोजलं, जमिनीवर रंगीत पट्टी चिकटवली आणि बाईंना तिथं बसवलं.

"हलू नका हं, अक्का."

बाई अर्धा तास पुतळ्यासारख्या बसल्या. शेवटी मला हळूच म्हणाल्या, "अम्मा, तुमच्या मुलीला विचारा, नाक खाजवलं तर चालेल का?"

मी हसले. आत्या हसली नाही. तिनं वाकून पट्टी उपटली. "आई, मी तो सेटच इथं घेऊन आले." मग बाईंना म्हणाली, "अक्का, तुम्ही रोजच्यासारखं काम करा."

"कसलं काम? पोती सोमवारी येतात. रविवारी आम्ही झोपतो!"

सोमवार मालिकेचा होता. मालिकेवाले तिला कधीच सोमवार देणार नव्हते.

दुसऱ्या दिवशी सकाळी गाडी दारात येऊन हॉर्न वाजवत होती. ती डायनिंग टेबलाशी कॅमेऱ्याची बॅग मांडीवर घेऊन बसलेली. ना गाडीकडे जात होती, ना गल्लीकडे. तिचा फोन वाजून बंद झाला, मग माझा वाजला. कॅमेरामन होते.

"अम्मा, तिला बरं नाही का?"

हो म्हटलं असतं तर दिवस निभावला असता. पण मंगळवारी तीच गाडी आली असती.

"बरी आहे," मी म्हटलं. "आज ती स्वतःच्या शूटिंगला चाललीय."

"मग आमचा फोकस?"

"दुसऱ्या कुणाला तरी शिकवा."

"स्वल्प, जरा तिला फोन द्या."

मी फोन तिच्यापुढे धरला. तिनं नकारार्थी मान हलवली. "ती नको म्हणतेय," मी सांगितलं. "सरी, अम्मा, ठीक आहे," ते म्हणाले आणि फोन ठेवला. थोड्या वेळानं गाडीही गेली.

"आई, आता ते मला कधीच बोलावणार नाहीत," ती म्हणाली.

तिचं बरोबर होतं. त्यांनी पुन्हा बोलावलं नाही, आणि पुढची दोन वर्षं तिला फार जड गेली. पण त्या दिवशी बाजारातून पोत्यांचा टेम्पो आला, तेव्हा ती स्वतःचा कॅमेरा घेऊन गल्लीच्या तोंडाशी उभी होती.