मेतकुटावरून दिलेला राजीनामा

हसू नका, पण ब्रिटनचं युद्धानंतरचं मजूर सरकार मी शिकले ते पेनसिल्व्हेनियातल्या एका अपार्टमेंटच्या स्वयंपाकघरात. ऐंशीच्या दशकाची सुरुवात होती. स्टेट कॉलेज नावाच्या गावात मी इतिहासात पीएच.डी. करत होते. रूममेट दोघी, एक पुण्याची, एक नागपूरची, दोघीही इंजिनिअरिंगच्या. अमेरिकेत येऊन कुणी इतिहास शिकतं हेच त्यांना पटत नव्हतं. "आपल्याकडे काय कमी पडला होता का गं इतिहास?" पुण्याची विचारायची.

त्यात माझी ओरल, म्हणजे पीएच.डी.ची तोंडी परीक्षा, तोंडावर आली. नापास झाले की असिस्टंटशिपचे पैसे बंद, म्हणजे गाशा गुंडाळून घरी. बाबांनी निघतानाच बजावलं होतं, नाही जमलं तर सरळ परत ये, स्थळं बघून ठेवलीयत. आणि माझं घोडं अडलं होतं ते नेमकं त्या मजूर सरकारच्या मंत्र्यांपाशी. सगळे सूटबूटवाले गोरे काका, फोटोत एकजात सारखे! अर्थमंत्र्याचं भाषण मी परराष्ट्रमंत्र्याच्या तोंडी घालायची आणि विरोधी पक्षनेत्याला चक्क मजूर पक्षाच्या बाकावर बसवायची.

"असं नाही होत बाप्पा पाठ," नागपूरची शेवटी वैतागली. "आपणच मंत्री होऊन जाऊ ना."

झालं, खाती वाटली. पुण्याची अर्थमंत्री, हे सांगायलाच नको. चहाची पावडरसुद्धा ती चमचा बोटानं सपाट करून घालायची. नागपूरची आरोग्यमंत्री. घरातला एक नियम मुळात तिनंच लावलेला होता: इंडियातून आलेलं सगळं एका शेल्फवर, आणि जी आजारी पडेल तिला मऊ भात, तूप, मेतकूट, काही न विचारता. विरोधी पक्षनेत्या म्हणून आम्ही पलीकडच्या रस्त्यावरच्या काकूंना गळ घातली. त्यांचे मिस्टर युनिव्हर्सिटीत शिकवायचे. "मी कशाला बाई राजकारणात," म्हणत आल्या आणि सोफ्यावर बसून सरकारला असं काही धुतलं की बघत राहावं! पंतप्रधान मी. ते गृहस्थ म्हणे फारच कमी बोलायचे. सगळ्यात अवघड रोल आला माझ्या वाट्याला. मी जरा लांबण लावली की काकू उलथनं आपटायच्या.

पण शिकले हो मी! अर्थमंत्री कोण, आरोग्यमंत्री कोण, आता झोपेतून उठवून विचारलं असतंत तरी सांगितलं असतं. एकच प्रसंग करायचा राहिला होता. सगळ्यांना उपचार फुकट, ही योजना ज्या मंत्र्यानं उभी केली, त्यानंच पुढे राजीनामा दिला, कारण अर्थमंत्र्यानं कवळ्या आणि चष्म्यांना थोडे पैसे लावले. पंतप्रधान त्या वेळी हॉस्पिटलात होते. हे आम्ही शनिवारी करायचं ठरवलं.

शनिवारी मी तापानं फणफणले. नागपूरचीनं भात टाकला आणि मेतकुटाच्या बरणीला हात घातला. पुण्याचीनं बरणी मागे ओढली. "संपत आलंय. शंभरच्या वर ताप असेल तरच. आधी थर्मामीटर लावू दे तिला."

"ती आजारी आहे म्हणते ना? मग झालं की!"

"म्हणायला काय, कुणीही म्हणेल."

दोघींचे आवाज चढले. मला वाटलं प्रॅक्टिस सुरू झाली. वा, काय जीव ओतून करतायत, म्हणून मी गोधडीतून टाळ्यासुद्धा वाजवल्या! मग दार आपटलं. खिडकीतून बघते तर आमची आरोग्यमंत्री बॅग घेऊन बर्फातून काकूंच्या घराकडे निघालेली.

मी काकूंकडे फोन लावला. "अगं, मेतकुटासाठी कुणी घर सोडतं का?"

 ती म्हणाली, "माझे बाबा आजारी होते नं, तेव्हा आई त्यांना घेऊन सरकारी दवाखान्याच्या दारात बसायची. आतून जो येई तो आधी विचारे, खरंच आजारी आहे का? बाबा खोकून दाखवायचे. मी पाहिलं आहे ते. मले ते विचारणंच सहन होत नाही." आणि तिनं फोन ठेवला.

सोमवारी ओरल. समोर तीन प्रोफेसर. त्यातले म्हातारे मूळचे इंग्लंडचे. त्यांना हसताना कुणी पाहिलं नव्हतं. त्यांनी तेच विचारलं. कवळ्या आणि चष्मे, एवढ्याशा गोष्टीवरून राजीनामा का?

पुस्तकातलं उत्तर मला पाठ होतं. महत्त्वाकांक्षा, गटबाजी, सगळं धडाधड म्हणून दाखवलं. "हे पुस्तकात आहे," ते म्हणाले. आता काय बोंबलू, असं झालं. नाक गळत होतं, डोकं ठणकत होतं. मी म्हटलं, "सर, पैसे थोडेच होते. पण पैसे लावले की कुणीतरी खिडकीपाशी बसून विचारायला लागतो, तुम्हाला खरंच गरज आहे का. ते विचारणं त्या मंत्र्याला नको असेल."

"आधार?"

"माझी रूममेट."

बाकीचे दोघे हसले. संपलं, म्हटलं, बॅगा भरा आता.

म्हाताऱ्यांनी चष्मा काढून पुसला. म्हणाले, "माझ्या आईला त्या योजनेत चष्मा मिळाला. कुणी काही विचारलं नाही. घरी येऊन तिनं माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, तुझ्या नाकावर ठिपके आहेत, मला माहीतच नव्हतं. मी तेव्हा तीस वर्षांचा होतो." मग त्यांनी सही केली आणि कागद पुढच्याकडे सरकवला. पास!

बाहेर कॉरिडॉरमध्ये दोघी उभ्या होत्या, एक या टोकाला, एक त्या टोकाला. एकमेकींकडे बघतसुद्धा नव्हत्या. मी पास झाल्याचं ओरडून सांगितलं आणि तशीच मधोमध उभी राहून सगळं सांगत सुटले, दवाखान्याचं दार, बाबांचा खोकला, म्हाताऱ्यांची आई, सगळं. नागपूरची खाली बघत होती. पुण्याचीचे डोळे भरून आले.

"चल, घरी चल," ती म्हणाली.

ते ती मला म्हणत नव्हती.