डिंकबाईंची माशी

संग्रहालयाच्या कीटक विभागात एकतीस वर्षं काम केलेल्या बाईंना सगळे डिंकबाई म्हणत. नाव कोणीतरी चेष्टेनं ठेवलं होतं, पण बाईंनी ते पदवीसारखं मिरवलं. टाचणी टोचता येणार नाही इतके बारीक किडे पुठ्ठ्याच्या इवल्याशा तुकड्यावर डिंकानं चिकटवायचे आणि तो तुकडा टाचणीवर खोचायचा, हे त्यांचं काम. डिंक त्या स्वतः घरी भिजवून, फडक्यातून दोनदा गाळून आणायच्या. बाजारच्या बाटलीवर त्यांचा काडीचा विश्वास नव्हता. आपण चिकटवलेल्या एकाही किड्याचा पाय आजवर गळलेला नाही, हे त्या दिवसातून एकदा तरी कोणाला ना कोणाला ऐकवायच्याच.

प्रत्येक किड्याखाली टाचणीला दोन चिठ्ठ्या असतात. पहिलीवर तो कुठे, कधी, कोणाला सापडला ते. दुसरीवर तो कोण, आणि ते कोणी ओळखलं. दोन्ही चिठ्ठ्या डिंकबाईच लिहायच्या, मोहरीएवढ्या अक्षरांत. अशा हजारो चिठ्ठ्या त्यांच्या हातून गेल्या, आणि ‘ओळख’ या शब्दापुढे नाव कायम दुसऱ्याचं. त्याचं त्यांना कधी वाईट वाटलं नाही. एक किडा सोडून.

तो त्यांनीच पकडला होता, नोकरीच्या पहिल्या वर्षी, संग्रहालयाच्या ओल्या तळघरात. मसुराएवढा, तपकिरी, चपटा, लांब पायांचा, पंखांचा पत्ता नाही. काडेपेटीत घालून वर आणला, तर पठ्ठ्या पुढचे दोन पाय एकमेकांवर चोळत बसला होता.

“साहेब, ही माशी आहे,” डिंकबाई म्हणाल्या होत्या.

विभागाचे तेव्हाचे प्रमुख म्हणजे मोठे साहेब. विद्वान माणूस, पण नाकावर माशी बसू देणार नाही असा. “बिनपंखांची माशी? उद्या बिनपाण्याची विहीर दाखवाल. अहो, चपटा आहे, पंख नाहीत, तोंडाला सोंड दिसतेय. ढेकणाच्या गोतातला आहे हा.”

“पण पाय कसे चोळतोय बघा ना!”

“पाय मीही चोळतो थंडीत. सवयीवरून कूळ ठरत नाही, बाई. शरीर काय सांगतं ते बघायचं. आहे शरीरात काही पुरावा?”

पुरावा नव्हता. साहेबांचं बोलणंही खोटं नव्हतं, आणि तेच जास्त झोंबलं. बाईंनी तसले आणखी दोन पकडले, तिन्ही चिकटवले, आणि दुसऱ्या चिठ्ठीवर स्वतःच्या हातानं लिहिलं: ढेकूणवर्ग. पुढे साहेबांचं नाव. मग तळघराला सिमेंट झालं आणि तो किडा पुन्हा कोणाला दिसला नाही. तिघांतले दोन कपाटातल्या कसरीनं खाल्ले. उरला एक. त्यानंतर जो कोणी यादी करी, तो मक्षिकास्थाने मक्षिका म्हणतात तसा जुन्या यादीतलं उतरवून काढी. गंमत म्हणजे मक्षिका तेवढी ढेकूण होऊन बसली होती.

असं एकतीस वर्षं चाललं. डिंकबाईंचा निवृत्तीचा शुक्रवार आला, आणि त्याच शुक्रवारी नव्या दालनातल्या मोठ्या भिंतीचं उद्घाटन ठरलं. भिंतीवर कीटकांचा वंशवृक्ष रंगवायचा होता: कोणाची फांदी कुठून फुटली, कोण कोणाचं चुलत, कोण मावस. प्रत्येक फांदीपाशी काचेखाली खरा किडा. आणि या संग्रहालयाचा स्वतःचा म्हणून तळघरातला तो एकुलता एक, ढेकणाच्या फांदीवर.

“तिथे नका लावू त्याला,” मंगळवारी बाई म्हणाल्या.

आता विभाग नव्या मॅडमकडे होता. वयानं बाईंच्या लेकीएवढ्या, पण कामात चोख. “मोठ्या साहेबांची चिठ्ठी आहे, डिंकबाई. तुमच्याकडे काही पुरावा आहे का?”

पुन्हा तेच. शिडीवरून पेंटर ओरडला, “ढेकूण का माशी, एकदाचं ठरवा! फांदी रंगवली की मी पुसणार नाही.”

घरी बाई घुम्यासारख्या बसून होत्या. नवऱ्यानं आपला जुना शर्ट पुढ्यात टाकला. “बाह्या विरल्यात, कापून टाक. घरात घालायला होईल. आणि एका किड्यापायी तोंड पाडून काय बसलीस? लोक रिकामपणी माश्या मारतात, तू मेलेल्या जिवंत करायला निघालीस.”

“तुम्हाला नाही कळायचं,” म्हणत त्यांनी कात्री घेतली. बाई शिंप्याची लेक. बाह्या काढल्या, आणि शर्ट हातात धरून तशाच थांबल्या. बाही गेली होती, पण ती जिथे जोडतात तो मुंढा तिथेच होता, त्याच्या शिवणीसकट. बाबा म्हणायचे, कपडा ओळखायचा तर उलटा करून बघ. बाही कापता येते, मुंढा लपवता येत नाही.

फुलपाखराला चार पंख, मधमाशीला चार. माशीला दोनच. पण माशीच्या कोणा खापरपणज्यालाही चारच होते, आणि त्यातल्या मागच्या दोघांच्या जागी आता दोन बारीक दांड्या उरल्यात, टोकाला गुंडी असलेल्या. उडताना त्या तोल सांभाळतात. हे बाईंना पाठ होतं, हजार माश्यांवर पाहिलेलं होतं. अंधाऱ्या तळघरात पिढ्यान् पिढ्या उडायचं कामच पडलं नाही म्हणून पुढचे पंख गेले असतील. पण त्या गुंड्या? त्या राहिल्या असल्या तर?

बुधवारी सकाळी पर्स खांद्यावरून न उतरवताच त्यांनी किडा सूक्ष्मदर्शकाखाली धरला. किड्याच्या दोन्ही कुशी, जिथे गुंड्या असायला हव्यात नेमक्या तिथे, डिंकाच्या जाड थराखाली होत्या. वाकलेलं तोंडही त्यातच रुतलेलं. पहिल्या वर्षाचा त्यांचा हात, पाय गळू नये म्हणून सढळपणे ओतलेला डिंक. एकतीस वर्षं माशी कुठे शिंकत होती ते आता कळलं. साहेबांनी मागितलेला पुरावा दुसऱ्या कोणी नाही, त्यांनीच बुजवून ठेवला होता. त्यांना रडू आलं, आणि स्वतःची लाजही वाटली.

नाक पुसून त्या मॅडमपुढे उभ्या राहिल्या. सगळं सांगितलं, डिंकासकट. “कोमट पाण्यात सोडवते.”

“एकच नमुना आहे. वाळून काच झालाय. मोडला तर जगात दुसरा नाही.”

“मोडला तर माझ्या हातून मोडला म्हणून लिहा. शेवटच्या आठवड्यात लिहा. पण चुकीच्या घरात त्याला ठेवून मी घरी जाणार नाही.”

मॅडमनी खुर्ची ओढली. “मी शेजारी बसते,” त्या म्हणाल्या.

बशीत कोमट पाणी, हातात सगळ्यात बारीक कुंचला. डिंक सुटायला तयार नाही. बाईंचाच तो, हट्टी असणारच. तासाभरानं पुठ्ठा सुटला. त्याबरोबर मागचा एक पाय अलगद निघाला आणि पाण्यावर तरंगू लागला. एकतीस वर्षांतला पहिला. बाईंनी त्याच्याकडे पाहिलंही नाही.

डावी कूस मोकळी झाली. काहीच नव्हतं, नुसता एक खुंट. तुटलेलं काहीतरी, किंवा मुळातच काही नसलेलं.

“थांबायचं का?” मॅडमनी हळूच विचारलं.

“उलटा करून बघितल्याशिवाय नाही.” बाईंनी किडा डाव्या कुशीवर वळवला. कुंचल्याचा एक केस फिरला, दुसरा फिरला. डिंकाचा पापुद्रा उठून वाहून गेला. आणि खाली, मागचा पंख जिथे असायचा बरोबर तिथे, एक नाजूक दांडी. टोकाला गुंडी. अख्खी.

“मॅडम,” बाई कुजबुजल्या. “मुंढा!”

मॅडमना तो शब्द कळला नाही, पण गुंडी दिसली. त्यांनी उठून बाईंना मिठीच मारली. मग दाराकडे जाऊन दालनात आवाज दिला, “पेंटर, ब्रश खाली ठेवा!”

शुक्रवारी उद्घाटनाला मोठे साहेब आले. आता काठी टेकत, पण मान तशीच ताठ. मॅडमनी आधी त्यांना आत नेऊन सूक्ष्मदर्शकापाशी बसवलं. डिंकबाई दाराशी उभ्या होत्या. साहेब किती वेळ बघत होते कोण जाणे. डोळा बाजूला घेतला, चष्मा पुसला, पुन्हा बघितलं.

“ढेकणाच्या गोतात ही गुंडी कोणालाच नसते,” ते शेवटी म्हणाले. मग काठी टेकून उठले आणि बाईंसमोर आले. “माझं चुकलं, बाई. तुम्ही बघितलं होतं. मी नुसतं ठरवलं होतं.”

“तुम्ही पुरावा मागितलात ते बरोबरच होतं, साहेब. तो माझ्याच डिंकाखाली होता.”

“मग आपण दोघांनी मिळून बिचारीला ढेकणांत नांदवली म्हणायची!” साहेब इतके मोठ्यानं हसले की बाहेरचे पाहुणे आत डोकावले. हसू ओसरल्यावर त्यांनी टाचणीवरची आपल्या नावाची चिठ्ठी स्वतः काढली, खिशात ठेवली आणि टेबलावरची कोरी चिठ्ठी बाईंपुढे सरकवली. “लिहा.”

बाहेर भिंतीवर माश्यांच्या फांदीला नवी डहाळी फुटलेली होती, रंग अजून ओला. पेंटर तिच्याखाली ऐटीत उभा होता, जणू शोध त्यानंच लावला. गर्दीत नवरा होता, इस्त्रीचा शर्ट घालून, पूर्ण बाह्यांचा, आणि शेजारच्या माणसाला सांगत होता, “ती माशी आमच्या घरची.”

आत डिंकबाईंनी लेखणी घेतली. मोहरीएवढ्या अक्षरांत त्यांनी लिहिलं: माशीवर्ग. खाली लिहिलं: ओळख. आणि एकतीस वर्षांत पहिल्यांदाच, त्यापुढे कोणाचं नाव लिहायचं ते त्यांना कोणालाही विचारावं लागलं नाही.