सिराजभाईंचा तिसरा दिवस

पुण्यात कामाचा माणूस सांगितलेल्या वेळी आला तर लोकांना आनंद होत नाही, संशय येतो. सिराज तांबोळी तर दोनदा यायचे. आज नळ दुरुस्त करून जायचे आणि तिसऱ्या दिवशी पुन्हा दारात उभे. "काही विसरलं का?" असं घरातल्या बाईनं विचारलं की म्हणायचे, "हो. खात्री करायची राहिली होती." मग जिथे पाणी गळत होतं तिथे भिंतीवर उजवा तळवा पुरता टेकवायचे, मनातल्या मनात वीसपर्यंत आकडे म्हणायचे आणि मगच तक्रारवहीत सही करायचे.

वानवडीच्या पुढे असलेल्या लष्करी वसाहतीत ते तेहतीस वर्षं प्लंबर होते. वसाहतीच्या मागच्या सहा इमारतींत ज्यांचे नवरे सीमेवर होते त्या बायका मुलंबाळं घेऊन राहायच्या, कारण तिकडे कुटुंब नेता येत नाही. नवरा दोन हजार किलोमीटरवर आणि मोरीत पाणी तुंबलेलं, असा तिथला नेहमीचा संसार. सिराजभाईंची सायकल आणि पुढे स्कूटर त्या सहा इमारतींच्या खाली सर्वांत जास्त दिसायची.

ही तिसऱ्या दिवसाची सवय त्यांना जन्मजात नव्हती. नोकरीला वर्ष-दीड वर्ष झालं असेल, तेव्हा एका हवालदाराच्या घरातला नळ त्यांनी घाईत आवळला आणि वहीत 'दुरुस्त' असं लिहून मोकळे झाले. नळ दुसऱ्याच दिवशी पुन्हा गळायला लागला. महिन्याभरानं कचेरीत त्या हवालदाराचं सीमेवरून पत्र आलं. लिहिलं होतं, "नळ गळला तरी हरकत नाही. पण दुरुस्त झाला असं लिहू नका. तुम्ही लिहिता त्याच्या भरवशावर मी इथे पहाऱ्याला उभा असतो." पत्रात शिवी असती तर सिराजभाई चार दिवसांत विसरले असते. नव्हती, म्हणून ते पत्र त्यांच्या मनात कायमचं रुतून बसलं.

बरोबरचे लोक चेष्टा करायचे. सिराजला भूक लागलेली तिसऱ्या दिवशी कळते म्हणायचे. त्यांची बायको रशीदा मूळची जुन्नरची, घरात मराठीच बोलणारी आणि जिभेला धार असलेली. ती पाहुण्यांना सांगायची, "निकाहाला 'कबूल' तेवढं यांनी त्याच दिवशी म्हटलं. तेही काझीसाहेब थांबायला तयार नव्हते म्हणून."

अशा माणसाचा निवृत्तीचा महिना आला, मे महिना. तोवर तक्रारवही जाऊन मोबाइलवर ॲप आलं होतं. काम बाकी असेपर्यंत तक्रार लाल दिसायची, झालं की हिरवी व्हायची आणि तसा निरोप थेट जवानाच्या फोनवर जायचा, तो असेल तिथे. नवा इंजिनिअर सौमित्र हुशार होता, मनानं चांगला होता, पण लाल रंग दिसला की त्याला कसंतरीच व्हायचं.

महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात तिसऱ्या मजल्यावरच्या श्यामलाची तक्रार आली. श्यामला भोरकडच्या खेड्यातली, बावीस-तेवीस वर्षांची, सातवा महिना लागलेला. वरच्या मजल्यावरच्या न्हाणीघरातून पाणी मुरून तिच्या निजायच्या खोलीची भिंत भिजली होती, आणि ओल विजेच्या बोर्डापर्यंत पोचली होती.

"काका, बटनाला हात लावला की मुंग्या येत्यात," ती म्हणाली. "यांना सांगितलं, तर हे म्हनतात मी लगेच निघतो. सायबांकडं अर्ज बी दिलाय."

तिचा नवरा नाईक रविराज. सीमेवर त्या दिवसांत हालचाल वाढलेली, सगळे सज्ज, रजा हात राखून मिळत होत्या. त्यानं बाळंतपणासाठी म्हणून पंधरा दिवस कसेबसे वाचवले होते. ते आता भिंतीपायी खर्ची पडले तर ऑगस्टमध्ये श्यामलाजवळ कोणी नसणार होतं. तिची आई गेलेली आणि सासू अंथरुणाला खिळलेली.

सिराजभाईंनी तिच्याच फोनवरून रविराजशी बोलणं केलं. "रजा राखून ठेवा साहेब. भिंत माझ्याकडे लागली."

"काका, शब्द देताय?"

"देतोय."

शुक्रवारी त्यांनी आधी वीजवाल्याला बोलावून त्या बोर्डाचा प्रवाह बंद करून घेतला. मग वरच्या न्हाणीघरातला पाइपचा खराब सांधा काढून नवा बसवला आणि फरशी सिमेंटनं भरली. संध्याकाळी सौमित्र म्हणाला, "काका, उद्या तुमचा लास्ट डे. ही एक कम्प्लेंट क्लोज करा ना, म्हणजे तुमची लिस्ट एकदम क्लीन होईल."

"रविवारी करू."

"रविवारी तुम्ही नसाल!"

"मग भिंत तरी असेल ना?" सिराजभाई म्हणाले आणि हात धुवायला गेले.

सौमित्रनं थोडा वेळ वाट पाहिली आणि स्वतःच ती तक्रार हिरवी करून टाकली. त्याला वाटलं, म्हाताऱ्याला निरोपाची भेट दिली. तिकडे रविराजच्या फोनवर हिरवा निरोप पोचला, आणि त्यानं रजेचा अर्ज मागे घेतला.

शनिवारी समारंभ झाला. शाल, नारळ, भिंतीवरचं घड्याळ आणि तीन भाषणं. त्यांपैकी दोन भाषणांत त्यांचं आडनाव चुकलं. सिराजभाईंनी गेटचा पास जमा केला आणि गंज पेठेतल्या घरी आले. रविवारी सकाळी त्यांनी पायात चपला सरकवल्या.

"अहो, निघालात कुठे?" रशीदानं विचारलं.

"तिसरा दिवस आहे."

"निवृत्त झालात ना काल?"

"मी झालो. भिंत कुठे झाली?"

वसाहतीच्या गेटवरच्या शिपायानं त्यांना अडवलं. परवापर्यंत हसून हात वर करणारा हा शिपाई. आज म्हणाला, "काका, पास नाही तर आत नाही. सध्या वरून फार कडक आदेश आहेत." सिराजभाईंना क्षणभर लागलं, मग बरंच वाटलं. आत बायकामुलं राहतात, दारावर माणूस असाच हवा. ते म्हणाले, "मग पाहुण्यांच्या वहीत लिही. श्यामला, तिसरा मजला."

वहीत नात्याचा रकाना होता. शिपायानं श्यामलाला फोन लावला. "आपले कोण लागतात हे?"

फोनमधला आवाज सिराजभाईंनाही ऐकू आला. "माझ्या माहेरचं मानूस हाय, असं लिवा."

शिपायानं तसं लिहिलं. तेहतीस वर्षांत सिराजभाईंच्या नावापुढे पुष्कळ शब्द लागले होते, कुशल, अर्धकुशल, वर्ग अमुक, पण हा कोणी लावला नव्हता. सही करण्याआधी त्यांनी तो रकाना दोनदा वाचला.

तिसऱ्या मजल्यावर जाऊन त्यांनी तळवा टेकवला. भिंत दिसायला कोरडी होती. आठपर्यंत आले आणि हाताला गारवा लागला. तरी वीसपर्यंत मोजले, कारण मोजायचंच असतं. ओल होती. आणि श्यामला म्हणाली ते त्याहून वाईट होतं.

"हिरवं झालं म्हनून यांनी अर्ज माघारी घेतला, काका. परवा पयल्यांदा निवांत बोलले."

सिराजभाई खुर्चीवर बसले. हिरवं कोणी केलं हे त्यांना लगेच कळलं. राग आला, पण त्याच्या वरचढ लाज वाटली, कारण शब्द त्यांनी दिला होता.

"यांना सांगू नगा," श्यामला म्हणाली. "सांगितलं तर आजच निघतील. तुमी गुपचूप करून टाका की नीट."

गुपचूप करणं सोपं होतं, आणि रजाही वाचली असती. पण ते जुनं पत्र आठवलं आणि सिराजभाईंनी फोन मागून घेतला.

"साहेब, सिराज बोलतोय. भिंत अजून ओली आहे. हिरवा निरोप आला तो चुकीचा. बोर्ड बंद आहे, घरात धोका नाही. आज पुन्हा उघडतो आणि मंगळवारी हात लावून सांगतो. तोवर थांबा."

पलीकडे जोराचा वारा होता. रविराज म्हणाला, "ओली आहे हे तुम्हीच सांगताय, काका, म्हणून थांबतो. आता दुसऱ्या कोणी 'सगळं ठीक आहे' म्हटलं असतं तर निघालो असतो."

पुढचा फोन सौमित्रला. तो मित्रांबरोबर खडकवासल्याला भाजलेली कणसं खायला निघाला होता. सिराजभाई एवढंच म्हणाले, "साहेब, छिन्नी-हातोडा आणि बॅटरी घेऊन या. माझ्याकडे आता सरकारी काही नाही, शाल आहे." सौमित्र तासाभरात हाफपँटवरच हजर झाला. आल्या आल्या सिराजभाईंनी त्याचा हात धरून भिंतीला लावला. "मोजा वीस." बारापर्यंत आला आणि त्याचा चेहरा उतरला. त्यानं खिशातून फोन काढला आणि तक्रार पुन्हा लाल केली.

मग दोघांनी वरच्या न्हाणीघरातली भिंत फोडली. सिराजभाई सांगत होते आणि घाव सौमित्र घालत होता. नव्या सांध्याच्या वीतभर वर जुन्या लोखंडी पाइपला गंजानं सुईएवढं भोक पडलं होतं. शुक्रवारी ते प्लास्टरच्या आत दडलं होतं. तो तुकडाच बदलला. सौमित्रच्या तळहातावर दोन फोड आले, ते त्यानं सोमवारी कचेरीत सगळ्यांना दाखवले.

मंगळवारी सिराजभाई पुन्हा वहीत 'माहेर' लिहून वर गेले. सौमित्र आधीच येऊन थांबला होता. आधी एकानं हात लावला, मग दुसऱ्यानं. भिंत कोरडी होती. सिराजभाईंनी रविराजला कळवलं आणि सौमित्रनं तक्रार हिरवी केली.

ऑगस्टमध्ये रविराज पंधरा दिवसांची रजा घेऊन आला, एवढं सिराजभाईंना समजलं. मग डॉक्टरांनी दिलेली तारीख आली तरी फोन नाही. दुसरा दिवस गेला. रशीदा म्हणाली, "अहो, लावा की तुम्हीच." सिराजभाई म्हणाले, "आपण कोण त्यांचे?" आणि घरातला चांगला चालणारा नळ उघडून पुन्हा आवळत बसले. तिसऱ्या दिवशी दुपारी फोन वाजला.

"काका, रविराज. मुलगी झाली. परवाच झाली, पण तेव्हा कळवलं नाही. म्हटलं, तुम्हाला कळवायचं तर तुमच्या पद्धतीनं. आज हात लावून, खात्री करून सांगतोय. मायलेकी दोघी ठणठणीत आहेत."

सिराजभाई फोन कानाला धरून नुसतीच मान डोलवत राहिले. रशीदानं फोन त्यांच्या हातातून काढून घेतला, पोटभर चौकशा केल्या, आणि ठेवल्यावर म्हणाली, "बाळाचं नाव काय ठेवणार, ते विचारायचं राहिलंच."

"ते बाराव्या दिवशी असतं त्यांच्यात," सिराजभाई म्हणाले, आणि खिशात रुमाल शोधू लागले.