ज्येष्ठमधाची काडी

ज्येष्ठमधाचा वास आला की माझे कान अजून गरम होतात. लेकीच्या हट्टापायी इथे सिंगापुरात सेरंगूनच्या मॉलमध्ये एका जपानी नटाच्या कार्यक्रमाला गेलो होतो. तरुणपणी सिनेमातला हीरो, आणि पुढे तीस वर्षं कार्टूनमधल्या एका खोडकर पोराचा आवाज. "बाबा, त्यांचा घसा बिघडलाय, मे बी धिस इज द लास्ट टाइम," लेक रडवेली होऊन म्हणाली आणि रांगेत उभी राहिली. मी फूड कोर्टात बसलो. शेजारी मफलर गुंडाळलेले एक म्हातारे जपानी गृहस्थ गरम पाणी पीत होते. मी बोलायला गेलो, तर त्यांनी घशावर बोट ठेवून मान हलवली. झालं! मंडळाच्या गणपतीतल्या नाटकात मला दरवर्षी एका वाक्याचा नोकर मिळतो; तेवढ्या अधिकारावर मी त्यांना आवाज पोटातून कसा काढायचा ते अर्धा तास शिकवलं आणि खिशातली ज्येष्ठमधाची काडी हातात कोंबली. थोड्या वेळाने लेकीशेजारी जाऊन उभा राहिलो, तर तेच गृहस्थ स्टेजवर! मी लेकीच्या कानात कबुली दिली. "बाबा, तू त्यांना शिकवलंस? सो एम्बॅरसिंग लाह!" तेवढ्यात त्यांचा पहिलाच शब्द फाटला. त्यांनी शांतपणे माझी काडी काढून चघळली, पोटावर हात ठेवला, आणि त्या सुरकुतलेल्या गळ्यातून दहा वर्षांचं पोर खदाखदा हसलं. लेक रडायलाच लागली. सही घ्यायला गेलो, तर ते उठून माझ्यासमोर कमरेत वाकले आणि त्याच पोराच्या आवाजात म्हणाले, "सेन्सेई!" म्हणजे गुरुजी. गुरुजी यंदाच्या गणपतीत आपलं एकुलतं एक वाक्य विसरले.