विहीणबाईंशी जपानी गाण्यावर फुगडी

माझ्या उजव्या गुडघ्याचं ऑपरेशन मार्चमध्ये पुण्यात ठरलं होतं. डॉक्टर म्हणाले, नंतर मांडी घालून बसणं बंद आणि फुगडी तर विसराच. मी चौथी शिकलेली बाई. आयुष्यात एकच गोष्ट मला चारचौघींपेक्षा चांगली आली, ती फुगडी. म्हणून जानेवारीत दुबईतल्या मराठी मंडळाच्या हळदीकुंकवाला शेवटची फुगडी घालायची आणि जिंकायची, असं मी ठरवलं. जिंकायची म्हणजे समोरचीनं आधी हात सोडायचा. आमच्या गावात हाच नियम होता.

आम्ही तेव्हा शारजात, अल नहदाला राहायचो. मुलगा दुबईत एका जपानी कंपनीत होता. सुनेला सातवा महिना लागला होता, म्हणून तिची आईही आली होती. दोन बेडरूमचा फ्लॅट आणि दोन विहिणी. सुनेनं "आई" म्हटलं की दोघीही "काय गं?" करायचो.

फुगडीला दुसरी कुणी तयार होईना, म्हणून जोडीला विहीणबाईच घ्याव्या लागल्या. माझं माहेर रत्नागिरीकडचं, त्यांचं साताऱ्याकडचं. मी आमच्याकडची गाणी म्हटली की त्या म्हणायच्या, "ह्यावर फुगडी घालायची का झोपायचं?" त्यांनी त्यांची म्हटली की मी म्हणायचे, "विहीणबाई, बैल हाकताय का?" चार दिवस नुसती भांडणं झाली, एक गिरकी झाली नाही.

पाचव्या दिवशी सून वैतागली. मुलाच्या साहेबानं जपानहून आणलेली एक सीडी कपाटात पडली होती, तळहाताएवढी, खेळण्यातली वाटावी अशी. ती तिनं लावली. म्हणाली, "ना तुमचं, ना हिचं. आता ह्यावर नाचा."

सुरुवातीलाच कुणीतरी पत्रा फाडावा तशी गिटार वाजली, मग एक माणूस जीव तोडून ओरडायला लागला. शब्द कळायचा प्रश्नच नव्हता. पण माझे पाय आपोआप हलायला लागले. विहीणबाईंचेही हलत होते, मी पाहिलं.

मुलगा म्हणाला, "दोघांचाच बँड आहे. एक गातो, एक गिटार वाजवतो. तिकडे ह्या गाण्यानं नुसता धुमाकूळ घातला होता. आमचे साहेब पार्टीत खुर्चीवर चढून म्हणतात."

"एवढा दंगा दोघांचाच?" विहीणबाईंनी विचारलं.

"तुम्ही दोघी कमी करता का?"

मग रोज सकाळी मुलगा ऑफिसला गेला की गालिचा गुंडाळायचा, पदर खोचायचा आणि सुटायचं. गाणारा ओरडला की वेग वाढवायचा, असं ठरलं. तो सारखाच ओरडायचा. खालच्या मजल्यावरचा मिसरी, म्हणजे इजिप्तचा माणूस, एकदा भांडायला वर आला. दोन म्हाताऱ्या गरगर फिरताना बघून "यल्ला, यल्ला!" म्हणजे चला, चला म्हणाला आणि टाळ्या वाजवत परत गेला.

हळदीकुंकू शुक्रवारी, तिकडच्या सुट्टीच्या दिवशी सकाळी, दुबईतल्या एका शाळेच्या हॉलमध्ये होतं. आम्ही नऊवारी नेसून स्टेजवर गेलो. बायकांना वाटलं, आता काहीतरी जुनं ऐकायला मिळणार. गिटार सुटली तशी पहिल्या रांगेतल्या बाईच्या हातातून तिळगुळाचा डबा पडला.

आम्ही सुटलो. हॉल फिरायला लागला, साड्यांचे नुसते रंग दिसायला लागले. गुडघा दुखत होता, पण कुणाचा ते कळत नव्हतं. गाणं संपलं. आता ह्या सोडतील, म्हणून मी थांबले नाही. त्याही तेवढ्यासाठीच थांबल्या नाहीत. तेवढ्यात गाणं परत सुरू झालं. मुलानं घरातलं सीडीचं यंत्र तसंच उचलून आणलं होतं आणि आमच्या सरावासाठी ते पुन्हा पुन्हा वाजायला लावलेलं होतं.

"दमलात का, विहीणबाई?" मी विचारलं.

"तुमचाच अंबाडा सुटलाय!"

तिसऱ्यांदा गिटार वाजली तेव्हा अख्खा हॉल त्या जपान्याबरोबर ओरडत होता. सून पोट धरून हसत होती. ते बघून मुलगा घाबरला, धावत आला आणि त्यानं वायरच उपटली.

आम्ही थांबलो, पण हात सोडले नाहीत.

"सोडा आता," त्या म्हणाल्या.

"तुम्ही सोडा."

तसेच हात धरून जिन्यावरून उतरलो. तशाच खुर्च्यांवर बसलो. सुनेनं दोघींना एकेक समोसा भरवला. "मला एक नाही, तीन पोरं आहेत," असं काहीतरी ती म्हणाली. गाडीतही मागच्या सीटवर आमचे हात एकमेकींत तसेच. रस्ता तुंबलेला. मी बाटलीतलं पाणी सावकाश प्यायले आणि बाटली त्यांच्यापुढे धरली. त्यांनी तोंड फिरवलं. मग मला कळलं.

घरी लिफ्टमधून बाहेर पडताच विहीणबाईंनी हात हिसकावला आणि बाथरूमकडे धावल्या.

"सोडलात!" मी मागून ओरडले.

"हे धरत नाहीत!" आतून आवाज आला.

धरतात. मी जिंकले. गुडघा मार्चमध्ये कापून घेतला.